सोमवारचा डॉक्टर

"डॉक्टर कधी येणार?"

मी स्टुलावर उभी होते. दाराकडे पाठ, एक ब्रश हातात, दुसरा दातांत आडवा धरलेला. हा प्रश्न त्या आठवड्यात मला शंभरदा तरी विचारला गेला असेल. मागं वळायचेही कष्ट न घेता मी दातांतला ब्रश काढला आणि म्हटलं, "सोमवारी."

"सोमवारी नक्की न्हवं?"

"नक्की. सकाळी आठला इथं असतील."

"मग थांबतो आमी."

"थांबा की," मी म्हटलं आणि ब्रश पुन्हा दातांत धरला.

थोड्या वेळानं पाठ मोकळी करायला खाली उतरले, तेव्हा दोन बायका उतरणीवरून निघालेल्या दिसल्या. एक म्हातारी होती, दुसरी तिच्या खांद्यावर हात टाकून चाललेली. गावाकडे न वळता त्या ओढ्यापलीकडच्या चढाला लागल्या. तिकडे वर एक वाडी आहे एवढंच मला ठाऊक होतं. पुन्हा मी कामाला लागले.

तो गुरुवार होता. सत्तावीस वर्षं झाली, पण वार पक्का लक्षात आहे.

कुसवडे नावाच्या त्या गावात आमच्या सिनेमाचा मुक्काम होता. गोष्ट एका खेड्यातल्या डॉक्टरची. गावाबाहेर, एसटीच्या थांब्याला लागून खताचं एक रिकामं गोदाम होतं. त्याचा आम्हाला सरकारी दवाखाना करायचा होता. आमचे कलादिग्दर्शक काविळीनं अंथरुणाला खिळले आणि सगळी सजावट माझ्यावर आली. मी चोवीस वर्षांची. वडील कोल्हापुरात नाटकांचे पडदे आणि दुकानांच्या पाट्या रंगवायचे, त्यामुळं ब्रश हातात होता. पण आख्खा सेट एकटीच्या जिवावर उभा करायची ही पहिलीच वेळ. श्रेयनामावलीत 'सजावट' या शब्दापुढं सुनंदा जिनगर हे नाव एकटं येणार होतं. आईला मी ते पत्रानं कळवूनही टाकलं होतं.

दिग्दर्शक बेलवलकर मला पहिल्या दिवशी म्हणाले होते, "सुनंदा, खरा डॉक्टर आत आला ना, तर त्यानं हात धुवायला नळ शोधला पाहिजे. असा सेट दे मला."

मी तसा सेट द्यायला निघाले होते. कोल्हापूरच्या जुन्या बाजारातून लोखंडी खाट आणली. बाकाची कड विटेनं घासघासून अशी गुळगुळीत केली की वर्षानुवर्षं माणसं बसून गेलीत असं वाटावं. भिंतीवरच्या लसीकरणाच्या तक्त्यांना चहाच्या पाण्याचा हात दिला. दारापासून खाटेपर्यंत जमीन झिजवून पायवाट उमटवली. रोज सकाळी फिनेलनं पुसून घ्यायचे. कॅमेऱ्याला वास येत नाही हे मलाही कळत होतं, पण वास असला की नटाचा चेहरा बदलतो असं माझं म्हणणं. आणि दारावर माझ्या हातची पाटी. पांढऱ्यावर निळी अक्षरं, कोपऱ्यात लाल फुली. 'प्राथमिक आरोग्य उपकेंद्र'. एसटीतून उतरणाऱ्या माणसाच्या नजरेत पहिल्यांदा तीच भरायची.

सिनेमातल्या डॉक्टरचं काम रणजित हेब्बाळकर करत होते. त्या वेळी त्यांचं नाव मोठं होतं. पुण्यातलं चित्रीकरण आधी आटोपलं होतं, तेव्हापासून युनिटमध्ये सगळे त्यांना 'डॉक्टर'च म्हणायचे. डॉक्टरांचा चहा, डॉक्टरांची खुर्ची. ते सोमवारी येणार होते. पोरं, म्हातारे, शाळेतले गुरुजी, सगळे येऊन तेच विचारायचे. कुणी 'हिरो' म्हणायचं, कुणी 'रणजितराव', आणि आमच्या माणसांचं ऐकून ऐकून कुणी कुणी 'डॉक्टर'सुद्धा.

शनिवारी ती म्हातारी पुन्हा आली. या वेळी मी दारातच होते, पाटीवर उडालेली धूळ फडक्यानं पुसत. हिरवं लुगडं, कपाळावर मोठं गोंदण, पायांत काही नाही. माझ्याकडे बघून ती हसली, जणू आमची जुनी ओळख.

"बाई, तुमीच न्हवं हितल्या? मी आनुबाई. परवा आलतो."

"हो, मीच."

"मग सोमवारी बाळंतिणीला आनू का? माझी सून हाय. शालन."

आमचे प्रॉडक्शन मॅनेजर नाईकनवरे त्याच दिवसांत दवाखान्याच्या गर्दीसाठी गावातल्या बायका निवडत हिंडत होते. म्हाताऱ्या हव्यात, लेकुरवाळ्या हव्यात, एखादी ओली बाळंतीण मिळाली तर फारच उत्तम, असं त्यांनी चावडीवर सांगितलं होतं. मला वाटलं, ही त्यांनीच पाठवलेली.

"आणा की," मी म्हटलं. "बाळालाही आणा. सकाळी लवकर या, रांग असेल."

"तिला उठवत न्हाई हो फार येळ."

"मग झोपवू खाटेवर. झोपलेलीच पाहिजे आहे एक."

ती माझ्या तोंडाकडे बघत राहिली. काहीतरी जुळत नव्हतं, हे तिलाही जाणवलं असावं. मलाही क्षणभर वाटलं की ही आणखी काही विचारणार. तेवढ्यात आतून सुताराची हाक आली, हिरवा पडदा सरळ बसत नव्हता म्हणून. मी आत गेले. परत आले तर ती निघून गेली होती. आणि उंबऱ्याबाहेर, जिथं ती उभी होती तिथं, तिनं कुंकवाची दोन बोटं ओढली होती. कशासाठी ते मला कळेना. मी फडकं ओलं करून ती पुसून टाकली. शॉटमध्ये चाललं नसतं.

सोमवारी सकाळी रणजितराव आले. पांढरा कोट घालून आत शिरले आणि खरोखरच नळाकडे वळले. बेलवलकरांनी माझ्याकडे बघून नुसती मान हलवली. त्या एका मान हलवण्यावर मी पुढं वर्षभर जगले असते.

पहिलाच शॉट रांगेचा होता. डॉक्टर एकामागून एक पेशंट तपासतो, संवाद नाहीत, वरून संगीत येणार. रांगेतल्या बायकांना सांगितलं होतं, तोंडं हलवा, काहीही बोला, आवाज घेणार नाही. सहायकानं एकेकीला आत सोडायला सुरुवात केली. आमच्या निवडलेल्या पाच जणी होऊन गेल्या. सहावी आनुबाई आली. एका हातात दुपट्यात गुंडाळलेलं मूल, दुसऱ्या हातानं सुनेला धरलेलं. सून येऊन खाटेवर आडवी झाली. मी कॅमेऱ्याच्या मागं उभी राहून माझा सेट बघत होते. तिच्याकडे माझं लक्ष नव्हतं, मला खाटेशेजारच्या औषधांच्या ट्रेचा कोन खटकत होता.

रणजितरावांनी तिचं मनगट हातात घेतलं आणि थांबले. आधीच्या पाच पेशंटांना त्यांनी हसून, मान डोलवून झटपट हातावेगळं केलं होतं. आता त्यांनी मनगट सोडलं, पुन्हा धरलं, आणि बेलवलकरांकडे पाहिलं. पुढचं काही सुचत नसल्यासारखा त्यांचा चेहरा झाला होता.

"चालू ठेवा," बेलवलकर कॅमेरामनच्या कानात कुजबुजले. "अरे, काय देतोय तो! चालू ठेवा."

आनुबाई बोलत होती. ती खऱ्या आवाजात, डॉक्टरशी बोलावं तसं बोलत होती. "बुधवारपासनं ताप हाय बगा. उतरंनाच. अंगावरनं जातंय, त्येला घान येतीया. तुमी येणार म्हणून थांबलो."

मला आधी दिसली ती चादर. खाटेवरच्या पांढऱ्या चादरीवर एक तपकिरी डाग पसरत होता. माझ्या डोक्यात पहिला विचार काय आला असेल? मेकअपवाल्यांनी मला न विचारता रंग कसा लावला? सजावटीला हात लावायचा तर मला सांगायला हवं होतं. मी एवढी चिडले की दोन पावलं पुढं सरकले. तेव्हा फिनेलच्या वरचढ असा तो दुसरा वास आला.

"कट," मी म्हटलं.

सिनेमाच्या सेटवर हा शब्द एकाच माणसानं उच्चारायचा असतो. मी तो उच्चारला आणि चौकटीत शिरले, चालू कॅमेऱ्यासमोर. शालनच्या कपाळाला हात लावला तर भाजला.

मागून बेलवलकरांचा आवाज चढला. "कोण आहे ती? सुनंदा! हो बाहेर!"

"साहेब, ही आजारी आहे."

"असेल! शॉट होऊ दे, मग बघू!"

"अहो, खरंच आजारी आहे," रणजितराव म्हणाले. मनगट अजून त्यांच्या हातात होतं. "मला कळेना, मी काय करायचं. माझी गाडी काढा."

रणजितरावांची गाडी मोठी होती. मागच्या सीटवर शालनचं डोकं माझ्या मांडीवर होतं. पुढं ड्रायव्हरशेजारी रणजितराव, तसेच पांढऱ्या कोटात. माझ्या पायांशी आनुबाई मूल घेऊन बसलेली. कोल्हापूर येईपर्यंत ती पुढच्या कोटाच्या पाठीला सगळं सांगत होती. बाळंतपण कसं झालं, सुईण कोण होती, वार पडायला किती वेळ लागला. रणजितराव रस्त्याकडे बघत होते. मध्येच ते म्हणायचे, "होईल बरं, मावशी." दुसरं काय म्हणणार होते? आणि ते तसं म्हणाले की ती गप्प व्हायची, मुलाच्या डोक्यावरून हात फिरवायची.

मला काहीच सुधरत नव्हतं. ही बाई आजारी सून घेऊन सिनेमाच्या गर्दीत का आली? मानधनासाठी आणली म्हणावं, तर तसं विचारलंही नव्हतं तिनं. नाईकनवऱ्यांनी हिला पाहिलं कसं नाही? मी सगळ्यांवर मनातून दोष ठेवून बघत होते, आणि कुठंच तो नीट बसत नव्हता.

सरकारी इस्पितळात स्ट्रेचर आलं. ड्यूटीवरच्या तरुण डॉक्टरनं शालनला तपासलं आणि थेट रणजितरावांकडे वळून रागानं विचारलं, "आपण कुठल्या केंद्रावर असता? इतके दिवस ठेवलंत कसं हिला?"

रणजितरावांनी स्वतःच्या अंगाकडे पाहिलं. मग एकेक बटण काढत त्यांनी तो कोट उतरवला, घडी केली आणि हातात धरून उभे राहिले. "मी डॉक्टर नाही," ते म्हणाले. त्यांचा इतका बारीक आवाज मी कुठल्याच सिनेमात ऐकला नव्हता.

डॉक्टर आनुबाईकडे वळला. "मग मावशी, तुम्ही सांगा. ताप आल्याबरोबर का नाही आणलं?"

"आनतच हुतो की," आनुबाई म्हणाली. "गुरवारीच आनतो म्हणून खाली उतरलो दोघी. एष्टीला निघालतो. थांब्यावर आलो, तर दवाखान्याची पाटी दिसली. म्हटलं, आता कोल्लापूरपतोर कशाला?" तिनं माझ्याकडे बोट केलं. त्यात तक्रार नव्हती, साक्षीदाराकडे दाखवावं तसं ते होतं. "या बाईंनी सांगितलं, डॉक्टर सोमवारी येणार. मग थांबलो."

डॉक्टरनं माझ्याकडे पाहिलं. काहीतरी समजावून सांगायला मी तोंड उघडलं. पण कुठून सुरुवात करावी तेच कळेना. गोदामापासून? पाटीपासून? तो माझ्यासाठी थांबला नाही.

संध्याकाळी शालनचं ऑपरेशन झालं. ती वाचली. गर्भाशय मात्र काढून टाकावं लागलं. तिला पुन्हा मूल होणार नव्हतं. चार दिवस आधी आणली असती तर कदाचित गोळ्या-इंजेक्शनांवर भागलं असतं, असं त्या डॉक्टरनं मला सांगितलं. मी विचारलं म्हणून सांगितलं.

दुसऱ्या दिवशी मी सेटवर गेले ती निरोप घ्यायच्या तयारीनंच. पण बेलवलकर शांत होते. त्यांनी मला खुर्ची दिली.

"काल मी ओरडलो ते विसर," ते म्हणाले. "तो शॉट मी ठेवणार आहे. तू आत शिरेपर्यंतचा. दहाबारा सेकंद मिळतायत."

"नको, साहेब."

"का?"

"ती बाई नटी नाही. तिला माहीतही नव्हतं की..."

"म्हणूनच तर! आख्ख्या सिनेमात तेवढंच एक खरं असणार आहे." मग माझा चेहरा बघून ते जरा नरमले. "सुनंदा, तुझा सेट ठेवायचा आणि त्याच्यामुळं जी आत आली तिला काढायचं, हे कसं काय? एक तर दोन्ही ठेवू, नाहीतर दोन्ही काढू. सांग."

मी सांगितलं नाही. खरं सांगायचं तर मला सांगता आलं नाही. दोन्ही काढा, हे शब्द तोंडात आले होते. आईला लिहिलेलं पत्रही आठवलं. मी उठून पडदा सरळ करायला गेले, आणि त्यांनी तेच माझं उत्तर मानलं.

शॉट सिनेमात राहिला. सजावटीसाठी त्या सिनेमाला पारितोषिक मिळालं आणि त्या पारितोषिकावर माझी पुढची सगळी कामं उभी राहिली. आधी सजावटकार, मग कलादिग्दर्शक. आता नामावलीत मला प्रॉडक्शन डिझायनर म्हणतात. तुरुंग केले, राजवाडे केले, दोन विमानतळ केले. दवाखाना मात्र ज्या ज्या वेळी आला त्या त्या वेळी मी काहीतरी निमित्त काढून सहायकाकडे दिला. सहायकांना वाटतं, बाईंना दवाखान्याचं काम हलकं वाटतं.

नवव्या दिवशी मी इस्पितळात गेले. आनुबाई मुलीचे लंगोट धुवायला खाली गेली होती. हो, मुलगी होती. तोवर मी विचारलंही नव्हतं. शालन उशीला टेकून बसली होती, मुलगी शेजारी झोपलेली. तापात पाहिलेला तिचा चेहरा आणि हा चेहरा एकाच बाईचे वाटत नव्हते. अठरा-एकोणीसची असेल. डोळे चांगलेच धीट होते.

वाटेत मी वाक्यं जुळवली होती. ती सगळी एका दमात म्हणून टाकली. तो दवाखाना खोटा होता, सिनेमासाठी होता. डॉक्टर म्हणजे आमचे हिरो. तुमच्या सासूबाई त्यांच्याबद्दलच विचारतायत असं मला वाटलं. माझं चुकलं.

"मला ठाऊक होतं ते," शालन म्हणाली.

मला वाटलं, नऊ दिवसांत कुणीतरी सांगितलं असेल. "कुणी सांगितलं?"

"कुणी कशाला? आम्ही आलो त्याच दिवशी. बाहेर तुमच्या मोठमोठ्या लायटी होत्या, वायरी होत्या. मी दहावीपर्यंत शिकले आहे, पिक्चर काय असतं ते कळतं मला. मी आत्तींना म्हटलं, हे खोटं आहे, चला एसटीला. त्यांना नाही पटलं. म्हणून मी दारात जाऊन आत बघितलं."

"मग?"

"तुम्ही पाठमोऱ्या होता. कपाटातल्या बाटल्यांवर औषधांची नावं लिहीत होता. पुढच्या बाटल्यांवर लिहून झाली होती, मागच्यांवर लिहीत होता. पुढच्या बाजूला सारायच्या, मागच्या काढायच्या, लिहायचं, फुंकर मारायची, पुन्हा मागं ठेवायच्या. मी बघत राहिले. आत्ती तुम्हाला विचारत होत्या तेव्हा मी तेच बघत होते."

मी मुलीच्या अंगावरचं दुपटं सारखं केलं.

"मग मला वाटलं, चुकलं माझंच. ज्या बाटल्या कुणाला दिसणारच नाहीत, त्यांच्यावर खोट्यासाठी कोण एवढं लिहील? लायटी उद्घाटनाच्या असतील, म्हटलं. बाहेर आल्यावर आत्तीच म्हणाल्या, सोमवार लांब आहे, एसटीलाच जाऊ. मीच म्हणाले, थांबू या." तिनं माझ्याकडे पाहिलं. राग मला दिसला नाही. तिला खरोखरच समजून घ्यायचं होतं. "कशाला लिहिलीत हो?"

याचं उत्तर मी नंतर कितीतरी जणांना दिलं आहे. मुलाखतींत, शिबिरांत, शिकायला येणाऱ्या मुलामुलींना. पाठ असलेलं, चांगलं उत्तर आहे ते. त्या दिवशी मला त्यातला एक शब्दही सुचला नाही.

"सवय," मी म्हटलं.

"अस्सं," ती म्हणाली.

मुलीनं झोपेत चुळबुळ केली. शालननं तिला थोपटलं. मग थोडं अवघडून, पहिल्यांदाच माझ्याकडे न बघता तिनं विचारलं, "मी दिसणार का पिक्चरात?"

आदल्याच दिवशी बेलवलकरांनी तो शॉट पुण्याला प्रयोगशाळेत पाठवला होता. माझ्यासमोरच डब्यावर चिठ्ठी लावली होती.

"नाही," मी म्हटलं.

"बरं झालं. केस सुद्धा विंचरले नव्हते त्या दिवशी." तिनं उशीखाली हात घालून लाकडी फणी काढली. "आताही तसेच आहेत. टाक्यांमुळं हात वर जात नाही. आत्तींना सांगायचं तर त्यांचे हात कापतात. जरा मागनं फिरवता का?"

मी चपला काढल्या आणि खाटेवर तिच्या मागं बसले. अंबाडा सोडला. केस दाट होते, नऊ दिवस तसेच राहिलेले. कुठून सुरुवात करावी ते कळेना, म्हणून मी टोकाकडून केली.